मेल्बा लिस्टनने ट्रॉम्बोन का सोडला, आणि तिला नेमकं कुठे ऐकायचं

प्रश्न असा आलाय की रँडी वेस्टन या पियानोवादकाच्या रेकॉर्डवर अरेंजर म्हणून, म्हणजे बँडमध्ये कोणी काय वाजवायचं ते लिहिणारी म्हणून, मेल्बा लिस्टन हे नाव सारखं दिसतं, ती मुळात ट्रॉम्बोन वाजवायची असं वाचलं, पण तिचे सोलो शोधायला गेलं तर हाताला फारसं काही लागत नाही, मग ती वादक म्हणून खरंच मोठी होती का आणि होती तर वाजवणं का सोडलं. मी स्वतः तीसेक वर्षं ट्रॉम्बोन वाजवतोय, स्टुडिओत, स्टेजवर, बोलावतील तिथे, आणि घर चालायला अरेंजमेंटही लिहितो, त्यामुळे या बाईबद्दल मला बरंच बोलायचंय, उत्तर लांबणार.

आधी सरळ उत्तर देतो. ती उत्तम वादक होती. सोलो कमी आहेत कारण पुढे येऊन एकटीने वाजवायची तिला फार हौस नव्हती, आणि दुसरं म्हणजे अगदी लहान वयातच तिच्या लक्षात आलं की आपल्याला अख्खा बँड ऐकू येतो. रँडी वेस्टनच्या त्या रेकॉर्डवर जे ब्रास, म्हणजे ट्रंपेट-ट्रॉम्बोन, ऐकून तुम्हाला तिचं नाव शोधावंसं वाटलं ना, ते तिचंच वाजवणं आहे असं मी मानतो, फुंकर दुसऱ्यांची आहे इतकंच. आणि वाजवणं तिने एकदा नाही, दोनदा थांबवलं, दोन्ही वेळची कारणं वेगळी, ती पुढे येतीलच.

जन्म १३ जानेवारी १९२६, कॅन्सस सिटी, मिसुरी. त्या काळात या गावात रात्रभर बँड वाजायचे, काउंट बेसीसारखा बँडलीडर तिथूनच वर आला. सात वर्षांची असताना तिने ट्रॉम्बोन पाहिला आणि हेच पाहिजे म्हणून हट्ट धरला, आईने घेऊन दिला. शिकवायला धड कोणी नव्हतं, आजोबांबरोबर बसून ओळखीची चर्चची गाणी आणि लोकगीतं कानाने काढायची. वर्षभरात लोकल रेडिओवर वाजवायला लागली, म्हणजे वय आठ!

आता इथे वाद्याबद्दल थोडं सांगावं लागेल, नाहीतर सात वर्षांच्या मुलीने ट्रॉम्बोन वाजवणं म्हणजे काय ते कळणार नाही. ट्रंपेटला तीन व्हॉल्व्ह असतात, बोटं दाबली की सूर बदलतो. ट्रॉम्बोनला नळी सरकवायची असते, तिच्या सात पोझिशन, पहिली तोंडाजवळ आणि सातवी साधारण दोन फूट लांब, प्रत्येक पोझिशनला सूर अर्ध्या पायरीने खाली जातो. नळीवर कुठे खूण नसते, पडदे नसतात, सगळं कान आणि खांद्याच्या भरवशावर. मोठ्या माणसालासुद्धा सातवीला कोपर पूर्ण सरळ करावं लागतं. लहान मुलाचा हात पाचवीच्या पुढे जातच नाही. मेल्बाने नंतर सांगितलंय की सहावी-सातवी गाठायला तिला मान एका बाजूला वळवावी लागायची.

हे मी वाचलं तेव्हा मला माझी एक विद्यार्थिनी आठवली, दहा वर्षांची, बारीक. तिला शिकवताना मी म्हटलं होतं सहावी पोझिशन सध्या सोडून देऊ, दोन वर्षांनी बघू, हात वाढेल. पुढच्या आठवड्यात आली तर उजवा खांदा पूर्ण पुढे काढून, डोकं डावीकडे कलवून, नळी दोन बोटांच्या टोकांनी ढकलून तिने सहावीतला खालचा फा काढून दाखवला, हलत होता, पण होता. तिला कोणी सांगितलं नव्हतं. शरीर स्वतःच वाट काढतं. तेव्हापासून मी कुठल्याच मुलाला हात पुरत नाही म्हणून थांबवत नाही.

१९३७ मध्ये घर लॉस एंजेलिसला गेलं. तिथे अल्मा हायटावर नावाच्या बाई काळ्या वस्तीतल्या मुलांचा बँड चालवायच्या, मेल्बा त्यात तयार झाली. सोळाव्या वर्षी लिंकन थिएटरच्या पिट बँडमध्ये नोकरी. या नोकरीकडे लोक दुर्लक्ष करतात, पण माझ्या मते सगळं इथे ठरलं. पिट बँड म्हणजे स्टेजच्या पुढच्या खड्ड्यात बसलेला बँड, वर दर आठवड्याला नवे गाणारे, नाचणारे, नकलाकार येणार, आणि त्यातल्या बऱ्याच जणांकडे लिहिलेलं म्युझिक नसायचं. मग कोणीतरी रात्रीत लिहून द्यायचं. मेल्बा लिहायला लागली. १९४३ मध्ये ट्रंपेटवाला जेराल्ड विल्सन तिला आपल्या बिग बँडमध्ये घेऊन गेला आणि तिथे वाजवणं, लिहिणं, पार्ट (प्रत्येक वादकाचा वेगळा कागद) कॉपी करणं, तिन्ही एकदम सुरू झालं.

ट्रॉम्बोनवाले इतके अरेंजर का होतात हा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. स्लाइड हॅम्प्टन, बॉब ब्रुकमायर, जे. जे. जॉन्सन, सगळे ट्रॉम्बोनवाले आणि सगळे लिहिणारे. कारण बसण्याच्या जागेत आहे. बिग बँडमध्ये पहिल्या रांगेत सॅक्सोफोन, सगळ्यात मागे ट्रंपेट, आणि मधल्या रांगेत आपण. म्हणजे डोक्यामागून ट्रंपेट येतात, समोरून सॅक्स परत येतात, बाजूला ड्रम, आणि आपल्याला धून क्वचितच मिळते, बहुतेक वेळा कॉर्डचा, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या सुरांमधला, मधला सूर धरून बसायचं किंवा चोवीस बार, म्हणजे तालाची आवर्तनं, मोजत गप्प राहायचं. गप्प बसलेला माणूस ऐकतो. शिवाय ट्रॉम्बोनचा पार्ट बेस क्लेफमध्ये, म्हणजे खालच्या सुरांच्या लिपीत, आणि जसा वाजतो तसाच लिहिलेला असतो, ट्रंपेटवाल्याने सा लिहिलेला वाजवला की खरा सूर एक पूर्ण पायरी खाली निघतो, ऑल्टो सॅक्सवाल्याचं आणखी वेगळं. आपल्याला पियानोच्या डाव्या हातासारखं सरळ दिसतं. पाच-सात वर्षं तिथे बसलात की कुठला सूर कोणाला द्यावा हे आपोआप कळायला लागतं, लिहायला बसायचा धीर मात्र स्वतः करावा लागतो. मेल्बाने तो विशीच्या आत केला होता.

वादक म्हणून तिचा सुरुवातीचा पुरावा हवा असेल तर १९४७ मधलं सॅक्सोफोनवादक डेक्स्टर गॉर्डनचं डायल कंपनीसाठीचं रेकॉर्डिंग ऐका. त्यातलं "मिस्चीव्हस लेडी" तिच्याच नावाने केलेलं म्हणतात. ते आठवडे लॉस एंजेलिसमध्ये बीबॉपचे, म्हणजे नव्या वेगवान जाझचे होते, सूर पळतायत, आणि ट्रॉम्बोन हे पळायचं वाद्य नाही, नळीला वेळ लागतो. ती घाबरली होती असं तिनेच सांगितलंय. मला ते घाबरणं ऐकू येत नाही. ती कमी सूर घेते आणि प्रत्येक सूर भरून लावते, कोणाशी रेस लावत नाही. तेवढ्यात किती शहाणपण आहे हे मला पस्तिशीनंतर कळलं.

विल्सनचा बँड मोडल्यावर १९४९ मध्ये ती ट्रंपेटवादक डिझी गिलेस्पीच्या बिग बँडमध्ये गेली, त्याच बँडमध्ये सॅक्सोफोनवाला जॉन कोलट्रेन बसायचा. मग विल्सनने पुन्हा जमवलेल्या बँडबरोबर गायिका बिली हॉलिडेच्या साथीला दक्षिणेचा दौरा निघाला आणि तो पार फसला. लोक आले नाहीत, पैसे संपले, बँड दक्षिणेत अडकला. १९४९ चा अमेरिकन दक्षिण भाग म्हणजे काळ्या वादकांना हॉटेल नाही, जेवायला जागा नाही, आणि त्यात बसमध्ये एकटी बाई. पुढे मुलाखतींमध्ये तिने हेही सरळ सांगितलंय की या दौऱ्यांवर तिच्यावर बलात्कारही झाले आणि ते ती एकटीने सोसत राहिली. सोलो का कमी, करिअर का तुटक, असं विचारताना हे बाजूला ठेवून चालणार नाही. आपण पुरुष वादक रात्री दोनला कार्यक्रम संपवून बसमध्ये पाय पसरून झोपतो, ती झोप तिला कधी मिळाली नसणार.

घरी परत आली आणि वाजवणं थांबवलं. हे पहिलं थांबणं. लॉस एंजेलिसच्या शिक्षण मंडळात क्लार्कची नोकरी धरली, काही वर्षं केली. मधे सिनेमात छोटी कामंही मिळाली, १९५६ च्या "द टेन कमांडमेंट्स" मध्ये ती राजवाड्यातल्या वादकांमध्ये दिसते. याच सुमारास, १९५२ ते १९५४, जे. जे. जॉन्सन, म्हणजे बीबॉप ट्रॉम्बोनचा सगळ्यात मोठा माणूस, लाँग आयलंडवर स्पेरी कंपनीत ब्लूप्रिंट तपासायची नोकरी करत होता. तो परत आला आणि काई विंडिंग या ट्रॉम्बोनवाल्याबरोबर दोन ट्रॉम्बोनचा ग्रुप काढून गाजला, सत्तरच्या दशकात पुन्हा हॉलिवूडमध्ये सिनेमा-टीव्हीसाठी लिहायला गेला. मी हे मुद्दाम सांगतोय. ट्रॉम्बोनवाल्याचं करिअर असंच असतं, मधे ऑफिस येतं, मधे दुसऱ्याच गावचं काम येतं. नोकरी धरली म्हणजे वादक संपला असं समजू नका, आतून बँड चालूच असतो.

१९५६ ला डिझीचं बोलावणं आलं. अमेरिकन परराष्ट्र खातं जाझचा बँड पहिल्यांदाच सरकारी खर्चाने परदेशी पाठवत होतं. हा दौरा खरं म्हणजे मुंबईपासून सुरू व्हायचा होता, पण भारताची अलिप्ततेची भूमिका आड आली आणि पहिला कार्यक्रम इराणमधल्या अबादानला झाला, पुढे ढाका, कराची, बैरूत, दमास्कस, अंकारा, इस्तंबूल, बेलग्रेड, अथेन्स. मुंबईत तेव्हा ताजमहाल हॉटेलात आणि चर्चगेटच्या रेस्टॉरंटांमध्ये गोव्याचे वादक रोज रात्री जाझ वाजवत होते, त्यांनी मेल्बाला समोर बसून ऐकलं असतं, ते राहून गेलं याची मला आजही हळहळ वाटते.

दौऱ्याआधीच्या रिहर्सलला काय झालं ते तिनेच नंतर सांगितलंय. बँडमधले पुरुष कुजबुजत होते, थेट शिवी देऊन, की कॅलिफोर्नियाहून एका बाईला कशाला बोलावलं. डिझीने तिला सोबत अरेंजमेंट आणायला सांगितलं होतं, तेच पार्ट त्याने वाटले. नॉर्वेच्या ग्रीग या संगीतकाराच्या "अनित्राज डान्स" वरून केलेली एक होती, ती पुढे "अ‍ॅनीज डान्स" म्हणून रेकॉर्ड झाली. बँड पहिल्या वाचनात कोसळला, वाजवताच येईना. डिझीने तोंडं बघितली आणि तीच शिवी घेऊन विचारलं, आता बोला कोण ती. त्यानंतर कोणी काही बोललं नाही. मग हळूहळू ती सगळ्यांची घरची झाली, बटणं शिवून देणारी, केस कापून देणारी. हे लोक कौतुकाने सांगतात, पण मला त्यात तिचं दुप्पट काम दिसतं. बाकीच्यांना फक्त वाजवायचं होतं.

त्या काळातलं "माय रेव्हरी" ऐका, मूळ फ्रेंच संगीतकार देब्युसीचं, अरेंजमेंट तिची. बर्डलँड क्लबमध्ये डिझीच्या बँडबरोबर तिला हेच वाजवताना ऐकून रँडी वेस्टन थक्क झाला आणि ओळख करून घेतली. तुमच्या प्रश्नातली जोडी इथे जमली. वेस्टन साडेसहा फुटांहून उंच, ब्रुकलिनचा, पियानोच्या खालच्या पट्टीत रमणारा, डोक्यात आफ्रिका. त्याच्याकडे धुना होत्या, त्या बारा-वीस माणसांवर कशा पसरायच्या ते तिच्याकडे होतं. १९५८ ची "लिटल नाइल्स" ही दोघांची पहिली रेकॉर्ड, सगळ्या मुलांसाठी केलेल्या वॉल्ट्झ, म्हणजे तीन मात्रांच्या चाली, आणि यात ती ट्रॉम्बोनही वाजवते. तुम्ही शोधत होतात ते सोलो इथे आहेत.

त्याच वर्षी तिचा स्वतःच्या नावाचा एकमेव अल्बम निघाला, "मेल्बा लिस्टन अँड हर बोन्स". बोन्स म्हणजे ट्रॉम्बोन, आमच्यातलं लाडाचं नाव. बेनी ग्रीन, अल ग्रे, बेनी पॉवेल, जिमी क्लीव्हलँड, स्लाइड हॅम्प्टन, फ्रँक रेहॅक असे एकाहून एक वादक, आणि मधे ही. "व्हेरी सीरियन बिझनेस" असं त्या काळातल्या तिच्या एका तुकड्याचं नाव आहे, दौऱ्याची आठवण. चार ट्रॉम्बोन जवळजवळच्या सुरांत लिहिणं फार अवघड असतं, जरा खाली गेलात की चिखल होतो, सूर एकमेकांत बुडतात. तिच्याकडे प्रत्येक जण वेगळा ऐकू येतो. मी हेडफोन लावून एका तुकड्याचा मधला आवाज, तिसऱ्या ट्रॉम्बोनचा, उतरवून काढायला बसलो होतो, एकेक बार, रात्री घरचे झोपल्यावर. कागदावर आल्यावर तो एकटा गाऊन बघितला. ती भरतीची ओळ नव्हती, पूर्ण धून होती, जो वाजवेल त्याला वाटावं की गाणं माझंच आहे. तिसऱ्या खुर्चीवर बसून कंटाळलेल्या माणसासाठी असं फक्त त्या खुर्चीवर बसलेलीच लिहू शकते.

१९५९ ला बँडलीडर क्विन्सी जोन्सच्या बँडबरोबर "फ्री अँड ईझी" या म्युझिकलसाठी युरोपला गेली, पियानोवर पॅटी बाऊन, म्हणजे बँडमध्ये दोन बायका. शो पॅरिसमध्ये बंद पडला, क्विन्सीने बँड मोडू न देता महिनोन्‌महिने युरोपभर फिरवला. पैशाचे हाल झाले, वाजवणं मात्र अफाट.

आणि मग नोव्हेंबर १९६० ची वेस्टनची "उहुरू आफ्रिका", अरेंजमेंट मेल्बाच्या. चार भाग, शब्द कवी लँग्स्टन ह्यूजचे, स्वाहिलीतली घोषणा, क्लार्क टेरी, फ्रेडी हबर्ड, युसेफ लतीफ, मॅक्स रोच, ओलातुंजी, कँडिडो, दोन बास, ड्रमच्या जोडीला हातांनी वाजवायचे ढोल. ती आणि कॉपी करणारे शेवटच्या घटकेपर्यंत पार्ट लिहीत होते. सकाळच्या सेशनला न्यूयॉर्कचे एवढे वादक वेळेवर हजर झाले, हे ज्याने जाझवाल्यांबरोबर काम केलंय त्यालाच कळेल. ही रेकॉर्ड पुढे दक्षिण आफ्रिकेत बंदीत गेली. आफ्रिकेत त्या एका वर्षात सतरा देश स्वतंत्र झाले होते, आणि त्या वर्षाचा आवाज कसा असावा हे कॅन्सस सिटीच्या एका ट्रॉम्बोनवालीने कागदावर ठरवलं. "आफ्रिकन लेडी" हा भाग लावून गाणाऱ्यांकडे लक्ष न देता खालचे ब्रास ऐका, एकदा तरी.

साठच्या दशकात ती मुख्यतः लिहीत राहिली, मिल्ट जॅक्सनसाठी, जॉनी ग्रिफिनच्या बिली हॉलिडेला वाहिलेल्या "व्हाइट गार्डिनिया" साठी, मोटाउन कंपनीसाठीही. इथे तुमच्या प्रश्नाचा दुसरा अर्धा भाग येतो. अरेंजरला एकदाच ठरलेली रक्कम मिळते, रॉयल्टी कंपोझरची, नाव मागच्या बाजूला बारीक अक्षरात, कधी तेही नाही. आपल्याकडच्या वाचकांना हे समजायला हिंदी सिनेमा पुरे, शंकर-जयकिशनची गाणी सगळ्यांना पाठ आहेत, पण त्यातले व्हायोलिन आणि ब्रास लिहिणाऱ्या गोव्याच्या सेबॅस्टियन डिसूझांचं नाव किती जणांना माहिती होतं? माझ्याही एका मोठ्या कार्यक्रमाच्या पत्रिकेत लाइटवाल्यापासून गाडीवाल्यापर्यंत सगळ्यांची नावं होती आणि चौदा गाणी लिहिणाऱ्याचं नव्हतं. घरी आल्यावर बायकोने विचारलं तुझं नाव कुठंय, मला उत्तर देता आलं नाही. मेल्बाच्या बाबतीत हे आयुष्यभर चाललं, त्यात बाई, त्यात काळी. म्हणून तुम्हाला ती सापडली नाही.

१९७३ मध्ये ती जमैकाला गेली, किंग्स्टनच्या संगीत शाळेत शिकवलं, विभाग उभा केला, १९७९ पर्यंत राहिली. मग कॅन्सस सिटीच्या बायकांच्या जाझ फेस्टिवलसाठी परत आली, स्वतःचा बँड काढला, पुन्हा वाजवायला लागली. आणि १९८५ ला स्ट्रोक आला, शरीराचा काही भाग लुळा पडला, व्हीलचेअर आली. ट्रॉम्बोन कायमचा सुटला तो इथे. म्हणजे सोडला नाही, हातातून गेला.

१९८७ मध्ये अमेरिकेचा जाझ मास्टर हा राष्ट्रीय सन्मान मिळाला. पण मला त्याहून मोठी वाटते ती पुढची गोष्ट. तिने कंप्युटरवर लिहायला शिकून घेतलं, आणि १९९१ मध्ये वेस्टनच्या "द स्पिरिट्स ऑफ अवर अँसेस्टर्स" च्या अरेंजमेंट केल्या. त्यात पाहुणा म्हणून डिझी गिलेस्पी आहे, ज्याने पस्तीस वर्षांपूर्वी तिचे पार्ट रिहर्सलला वाटले होते, आणि ट्रॉम्बोनवर बेनी पॉवेल, तिच्या १९५८ च्या बोन्समधला. जो भाग एके काळी तिने स्वतः वाजवला असता तो पॉवेलसाठी लिहिलाय. त्यानंतर "व्होल्कॅनो ब्लूज" आली, आणखी एक-दोन आल्या. २३ एप्रिल १९९९ ला लॉस एंजेलिसमध्ये ती गेली.

ऐकायचा क्रम विचाराल तर आधी "लिटल नाइल्स", तिचा स्वतःचा श्वास ऐकायला. मग डिझीबरोबरचं "माय रेव्हरी". मग "बोन्स", आणि त्यात दर वेळी एकच ट्रॉम्बोन पकडून शेवटपर्यंत त्याच्या मागे जा, चार वेळा लावावं लागेल. "उहुरू आफ्रिका" त्यानंतर, आणि "स्पिरिट्स" सगळ्यात शेवटी, रात्री, मोठ्या आवाजात, पॉवेलचा ट्रॉम्बोन येईल तेव्हा ती समोर खुर्चीत बसून ऐकत होती हे डोक्यात ठेवून.